पाणी उतरायचं थांबलं तेव्हा: लोकताक तळं आणि त्यावरचं मच्छीमारांचं गाव

फुमदीवर पाय ठेवला की पाऊल घोटाभर खाली जातं आणि चार हात पलीकडचं गवत डुलायला लागतं. कारण त्या गवताखाली जमीन नसते, पाणी असतं. गवताची मुळं, कुजलेला पाला, गाळ आणि त्यावर पुन्हा उगवलेलं गवत यांचा एकमेकांत विणला गेलेला जाड थर तळ्यावर तरंगत राहतो. मणिपूरच्या मैतेई भाषेत त्याला फुमदी म्हणतात. मणिपूरमधल्या लोकताक तळ्यात अशा फुमदीवर झोपड्या बांधून राहणाऱ्या मैतेई मच्छीमारांचं एक गाव आहे, चाम्पू खांगपोक. खांगपोक म्हणजे मच्छीमाराची झोपडी. तळ्यातल्या थांगा, कारांग, इथिंग या टेकड्यांच्या बेटांवरही मच्छीमारांची जुनी, पक्क्या जमिनीवरची गावं आहेत. चाम्पू मात्र पूर्णपणे पाण्यावर आहे.

लोकताकचे ड्रोनने घेतलेले फोटो बहुतेकांनी पाहिलेले असतात. निळ्या पाण्यावर हिरव्या बांगड्या मांडाव्यात तशी वर्तुळं त्यात दिसतात. बऱ्याच जणांना ती निसर्गाची किमया वाटते. प्रत्यक्षात ती मासे धरायची साधनं आहेत आणि सरकारी भाषेत ते अतिक्रमण आहे. दोन्ही गोष्टी कशा खऱ्या ठरल्या, हे कळायला आधी तळ्याचं पाणी कसं चढायचं आणि कसं उतरायचं ते पाहावं लागतं. बाकी सगळं त्याला टांगलेलं आहे.

दोन्ही बाजूंनी वाहणारा ओढा

लोकताक इंफाळच्या दक्षिणेला साधारण 40 किलोमीटरवर आहे. ‘लोक’ म्हणजे ओढा आणि ‘ताक’ म्हणजे शेवट, ओढे जिथे संपतात ती जागा. (आपल्या ताकाशी याचा काही संबंध नाही, पण मराठी माणसाचं लक्ष तिथे जाणारच.) रामसर यादीत, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळींच्या आंतरराष्ट्रीय यादीत, या पाणथळीचं क्षेत्र 266 चौरस किलोमीटर नोंदलेलं आहे. आकारामुळे तळं खोल असेल असं वाटतं, पण ते बशीसारखं उथळ आहे. सरासरी खोली 2.7 मीटर आणि जास्तीत जास्त 4.6 मीटर. तळाशी रोवलेला लांब बांबू बहुतेक ठिकाणी पाण्याबाहेर डोकं काढतो. आणि बशी असल्यामुळे पाणी हातभर चढलं तरी काठची फार मोठी जमीन बुडते, हातभर उतरलं की तेवढीच उघडी पडते.

पश्चिमेकडून नांबूल, नांबोल, थोंगजाओरोक असे ओढे थेट तळ्यात येतात. पूर्वेच्या बाजूने इंफाळ नदी, जिला पुढे मणिपूर नदी म्हणतात, तळ्याला न शिवता वाहते. तळं आणि नदी यांना जोडणारा खोरदाक नावाचा एक प्रवाह आहे, आणि सगळी गंमत त्यातच होती. आपल्याकडच्या तलावात पाणी एका बाजूने येतं आणि सांडव्यावरून दुसरीकडे जातं. खोरदाकचं पाणी मोसम बघून दिशा बदलायचं. पावसाळ्यात नदी तळ्यापेक्षा उंच व्हायची, कारण खाली सुगनूजवळ नदीच्या पात्रात खडकाचा उंचवटा आहे आणि पुराचं पाणी तिथे तुंबतं. मग नदीचं पाणी खोरदाकमधून उलटं तळ्यात शिरायचं. पाऊस ओसरला, नदी उतरली, की तेच पाणी त्याच वाटेने तळ्यातून बाहेर पडायचं.

म्हणजे वर्षातून एकदा तळं श्वास आत घ्यायचं आणि एकदा सोडायचं. पाणी आत येताना मासे आणि गाळ घेऊन यायचं. जाताना तुटलेल्या फुमदीचे तुकडे वाहून न्यायचं, मणिपूर नदीतून खाली ब्रह्मदेशाच्या दिशेने. तळ्याची सफाई कुणाला करावी लागत नव्हती.

तरंगणारी जमीन जेवते कधी?

फुमदीची जाडी काही सेंटिमीटरपासून 2 मीटरपर्यंत असते. बर्फाच्या डोंगरासारखाच हिशेब: साधारण एक पंचमांश भाग पाण्यावर आणि चार पंचमांश पाण्याखाली. थर दीड मीटर जाड असेल तर वर दिसतो तो जेमतेम 30 सेंटिमीटर. इतका थर माणसाचं वजन पेलतो. पातळ थरावर मात्र पाय आरपार जातो, आणि आत गेलेला पाय मुळांच्या जाळ्यातून ओढून काढणं सोपं नसतं. माहीतगार माणूस फुमदीवर उभा राहण्याआधी वल्ह्याने टोचून बघतो.

आता मुख्य मुद्दा. फुमदी वरून वाढते आणि खालून कुजते. वरच्या गवताला खायला लागतं, आणि नुसत्या पाण्यातून त्याचं पोट भरत नाही. उन्हाळ्याआधीच्या कोरड्या महिन्यांत तळ्याची पातळी खाली गेली की फुमदी अलगद तळाच्या गाळावर टेकायची. मुळं गाळात शिरायची, खत खायची. पावसाळा आला की पाणी तिला पुन्हा उचलायचं. कोरड्या दिवसांत वरचं वाळलेलं गवत जाळायचीही पद्धत होती, म्हणजे राखेतून कोवळा फुटवा यायचा. टेकणं, खाणं, उठणं हे चक्र चालू असलं तरच थराची जाडी टिकते. फुमदी बारा महिने तरंगतच राहिली तर खालची कूज चालू राहते आणि वरची भर तेवढी पडत नाही. थर वर्षागणिक पातळ होत जातो.

तळ्याच्या आग्नेय कोपऱ्यात केइबुल लामजाओ हे 40 चौरस किलोमीटरचं राष्ट्रीय उद्यान आहे, 1977 साली जाहीर झालेलं. त्याचा मोठा भाग फुमदीच आहे आणि सांगाई हे हरीण जगात फक्त इथे नैसर्गिक स्थितीत उरलं आहे. 1951 मध्ये ते नामशेष झालं असं मानलं गेलं होतं. 1953 मध्ये ई. पी. जी या निसर्ग अभ्यासकाला ते पुन्हा सापडलं. 1975 च्या मोजणीत 14 सांगाई होते, 2016 मध्ये 260. संख्या वाढली ही चांगली गोष्ट, पण ज्या गालिच्यावर ते उभं राहतं तो विरळ होत चालला आहे. हरणाचं वजन पेलायला साधारण मीटरभर जाड थर लागतो. त्याहून पातळ फुमदीत त्याचे खूर रुततात.

ङ ने सुरू होणारं जेवण

आपण शाळेत ‘ङ’ पाठ करतो आणि त्याने सुरू होणारा एकही शब्द आयुष्यात वापरत नाही. मैतेई स्वयंपाकघरात तो रोज लागतो, कारण ‘ङा’ म्हणजे मासा. ङामु म्हणजे आपल्या मरळीच्या कुळातला, ङाक्रा म्हणजे मागूर, ङाप्रुम हा सापासारखा लांबट, चिखलात राहणारा. बोटभर लांबीचा चंदेरी फाबौ हा तळ्यातला सगळ्यात उपयोगी मासा. त्याच्याकडे शेवटी येऊ.

लोकताकच्या माशांची दोन घराणी होती. एक घराणं कायमचं रहिवासी: मरळ, मागूर, उकाबी (काठावर सरपटत चढतो म्हणून पुस्तकांत ‘झाडावर चढणारा मासा’ म्हणून येतो तो), फाबौ. दुसरं घराणं पाहुण्यांचं. पावसाच्या सुरुवातीला चिंदविन नदीतून, म्हणजे ब्रह्मदेशातल्या इरावतीच्या उपनदीतून, मासे मणिपूर नदीने वर चढायचे आणि खोरदाकच्या उलट्या प्रवाहाबरोबर तळ्यात शिरायचे. पेंगबा, खाबाक, ङातोन ही त्यातली मोठी नावं. नुकत्याच बुडालेल्या गवतात आणि भातखाचरांत अंडी घालायची, पिल्लांनी तिथेच वाढायचं आणि पाणी उतरताना सगळ्यांनी परत जायचं. मच्छीमारांना येतानाही हंगाम मिळायचा आणि जातानाही. पेंगबा हा मणिपूरचा राज्य मासा आहे. आज तो शेततळ्यांत वाढवला जातो, कारण भुवनेश्वरच्या गोड्या पाण्यातल्या मत्स्य संशोधन संस्थेने त्याचं कृत्रिम प्रजनन साधलं. तळ्यात तो जवळजवळ दिसेनासा झाला आहे.

मासेमारीची जुनी हत्यारं साधी होती. ‘लू’ हा बांबूच्या कामट्यांचा सापळा: तोंडाशी आतल्या बाजूला वळवलेल्या टोकदार कामट्या, म्हणजे मासा ढकलत आत जातो पण उलटा फिरला की टोकं त्याच्या अंगाला लागतात. आपल्याकडे ओढ्यात लावतात त्या सापळ्यांचंच हे भावंड. लू पाण्याच्या वाटेत, गवताच्या दोन पुंजक्यांच्या मधल्या फटीत ठेवावा लागतो आणि त्याचं तोंड मासा येणार त्या दिशेला. म्हणूनच पाणी कुठून कुठे वाहतं हे माहीत असणं हे अर्धं कसब होतं. बायकांचं वेगळं जाळं असतं, नुपी-इन (नुपी म्हणजे बाई): बांबूच्या काटक्यांवर ताणलेलं, उथळ पाण्यात बुडवून उचलायचं. नावेला ‘ही’ म्हणतात, अरुंद आणि सपाट तळाची. फुमदीच्या दाटीतून रुंद होडी जाणारच नाही.

आणि तळं म्हणजे फक्त मासे नव्हेत. थांगजिंग हा काटेरी मखाणा. आपल्यासारख्या लाह्या न करता तिथे त्याचं कोवळं फळच खातात. हेइकाक म्हणजे शिंगाडा. कमळाचे देठ, पाण्यातली नाळी भाजी. सगळ्यात मजेशीर म्हणजे इशिंग कांबोंग. हे पाण्यातलं उंच गवत, जंगली भाताच्या जातीचं. त्याला एक बुरशी लागते, मग ते फुलोरा धरत नाही आणि बुडखा फुगून मांसल होतो. हा रोगट भाग हीच भाजी. वेळेवर काढला तर आत पांढरा, कुरकुरीत. उशीर झाला की बुरशीचे काळे ठिपके धरतात आणि मग तो कोण घेणार? मोइरांगच्या बाजारात या जुड्या बायका विकतात. (मोइरांग म्हणजे तेच गाव, जिथे आझाद हिंद सेनेने 14 एप्रिल 1944 रोजी तिरंगा फडकवला.)

1983: दरवाजे बंद

इथाई गावाजवळ मणिपूर नदीवर बंधारा घालून 1983 मध्ये लोकताक जलविद्युत प्रकल्प सुरू झाला. 35 मेगावॉटची तीन जनित्रं, एकूण 105 मेगावॉट. कल्पना हुशारीची होती. तळं उंचावर आहे आणि पश्चिमेच्या डोंगरापलीकडे लैमाताक नदीचं खोरं सुमारे 300 मीटर खाली. तळ्याचं पाणी कालव्याने आणि बोगद्याने डोंगरापलीकडे न्यायचं, खाली सोडायचं, वीज काढायची. त्यामुळे जे पाणी मणिपूर नदीने इरावतीकडे गेलं असतं, ते आता लैमाताकमधून बराक नदीच्या खोऱ्यात जातं.

जनित्रं बारा महिने फिरवायची तर कोरड्या महिन्यांतही पाणी हवं. म्हणून इथाईचे दरवाजे लावून तळ्याची पातळी वर धरून ठेवली जाते. पूर्ण भरलेली पातळी समुद्रसपाटीपासून 768.5 मीटर. धरण बांधणाऱ्याच्या नजरेने हा साठा आहे. तळ्याच्या नजरेने मात्र श्वास सोडायचा अर्धा भागच बंद झाला.

त्यातून काय काय बिघडलं ते वरच्या माहितीवरून आता ओळखता येईल. फुमदी टेकेनाशी झाली, म्हणजे उद्यानातला थर उपाशी राहून पातळ होऊ लागला. तुटलेली फुमदी बाहेर जाईनाशी झाली, म्हणजे तळ्याच्या मध्यात आणि उत्तरेकडे तिचा पसारा वाढला. एकाच तळ्यात एकीकडे फुमदी कमी पडते आणि दुसरीकडे नको तितकी होते. सरकारी अहवाल वाचताना गोंधळ होतो तो इथेच. पाहुण्या माशांची वाट बंद झाली. काठच्या शेतांत पाणी कायमचं उभं राहिलं. शिवाय तळं आधीच भरलेलं असल्यामुळे पहिल्या मोठ्या पावसाला सामावून घ्यायला जागा उरत नाही, आणि पूर पूर्वीपेक्षा लवकर पसरतो. बुडालेली जमीन किती, यावर वाद आहेत. ती हजारो हेक्टर आहे यावर नाहीत.

नांबूल नदीचा हातभार वेगळाच. ती इंफाळ शहरातून येते आणि शहराचं सांडपाणी सोबत आणते. शेतांतली खतंही वाहून येतात. पूर्वी हे खत निदान वाहून जायचं, आता ते बशीतच राहतं आणि जलपर्णी पोसतं. फुमदीच्या खाली ऊन पोचत नाही, कुजणारा पाला पाण्यातला प्राणवायू खातो. तिथे जगतात ते मरळ, मागूर, उकाबी असे वर येऊन हवा घेऊ शकणारे मासे. रोहू-कटला अशा पाण्यात गुदमरतात. मत्स्य खात्याने तळ्यात कार्पची, म्हणजे याच रोहू-कटल्याच्या कुळातल्या माशांची, पिल्लं सोडली, त्यांना फायदा मिळाला तो उघड्या पाण्यात. जाळ्यात काय येतं हे असं बदलत गेलं.

हिरवी बांगडी कशी बनते

शेत बुडालं, हंगामी मासा गेला, आणि फुमदी मात्र अमाप. मच्छीमारांनी जे होतं त्याचं साधन केलं. फुमदीचे तुकडे वापरून मासे धरणं जुनंच आहे. ‘फुम नांबा’ या पद्धतीत फुमदीच्या एका तुकड्याला जाळ्याने वेढतात, वरचं गवत काढून टाकतात आणि त्याच्या सावलीला जमलेले मासे उचलतात. आथाफुम हे त्याचं मोठं, टिकाऊ रूप. फोटोतल्या बांगड्या त्याच. 1983 नंतर त्यांची संख्या झपाट्याने वाढली.

आधी जाड फुमदी निवडतात. पातळ घेतली तर ओढतानाच फाटते. लांब दांड्याच्या धारदार हत्याराने तिच्या पट्ट्या कापतात, माणूस वर उभा राहू शकेल इतक्या रुंद. पट्ट्या नावांना बांधून वाऱ्याची साथ बघून हव्या त्या जागी ओढत आणायच्या, टोकाला टोक जोडून वर्तुळ करायचं आणि बांबू थेट तळाच्या गाळापर्यंत ठोकून ते जखडायचं. तळं उथळ आहे म्हणूनच हे शक्य होतं. दहा मीटर खोल पाण्यात आथाफुम झालाच नसता. जोडाच्या ठिकाणी बांबू जवळजवळ ठोकतात, कारण वादळात वर्तुळ उघडतं ते नेहमी जोडातून. एकदा उघडलं की पट्टी सरळ होते, वाऱ्यावर निघून जाते आणि दुसऱ्याच्या आथाफुमवर जाऊन आदळते. मग भांडण ठरलेलं.

वर्तुळाच्या आत पाणवनस्पती वाढू देतात, बाहेरूनही आणून टाकतात. सावली, लपायला जागा, देठांवर धरणारं शेवाळ आणि किडे, वरून तांदळाचा कोंडा. मासा आपणहून येतो आणि राहतो. काही महिने असे गेले की काढणीला बरीच माणसं लागतात. वर्तुळाच्या कडेने जाळं सोडायचं आणि त्याची खालची कड वजनाने गाळात दाबायची. मग आतल्या वनस्पती हाताने उपसून बाहेर फेकायच्या, हे सगळ्यात कष्टाचं काम. मोकळ्या पाण्यात जाळ्याचा घेर हळूहळू लहान करत आणायचा आणि शेवटी उचलायचा.

चुकतं ते बहुधा दोन जागी. जाळ्याची खालची कड एका ठिकाणी जरी गाळापासून सुटली तरी मरळ आणि ङाप्रुम तिथूनच निसटतात, कारण घाबरल्यावर चिखलात शिरणं हा त्यांचा स्वभाव. आणि आतल्या वनस्पती फार दाट झाल्या तर पहाटे प्राणवायू अगदी कमी होतो. रात्रभर झाडं प्राणवायू घेतात, देत नाहीत. सूर्य उगवायच्या आधी मासे तोंड वर काढून धापा टाकताना दिसले तर त्याच दिवशी आतली दाटी विरळ करावी लागते, नाहीतर कार्प मरून वर येतात.

याच आथाफुमची राखण करायची तर रात्री तिथे कुणीतरी हवं. जाळी चोरीला जातात, बांबू सुटतात. राखणीची झोपडी म्हणजे फुमशांग. फुमदीचे दोन-तीन थर एकावर एक चढवून पाया करतात, वर बांबूची तक्तपोशी, भिंतींना बोरू-बांबू, वर गवत किंवा पत्रा. पाया खालून कुजत राहतो, घर वजनाने खचत राहतं, म्हणून दरवर्षी नव्या फुमदीची आणि गवताची भर घालावी लागते. भर चुकली की तक्तपोशीला ओल लागते. घर बांबूंना बांधलेलं असतं पण जाम आवळलेलं नसतं. पाणी चढलं तर घराने वर सरकायला हवं. हंगामापुरती असलेली ही राखणीची घरं, शेतं गेलेल्या कुटुंबांसाठी कायमची झाली. चाम्पू खांगपोकची वस्ती अशी दाटत गेली. 2017 मध्ये तिथे शाळा अर्ध्यात सोडलेल्या मुलांसाठी एक तरंगती शाळाही सुरू झाली.

कायदा आणि जाळपोळ

लोकताक 1990 मध्ये रामसर यादीत आलं आणि तीनच वर्षांत, 1993 मध्ये, मॉन्ट्रो नोंदवहीत गेलं, म्हणजे धोक्यात असलेल्या पाणथळींच्या यादीत. 2006 मध्ये राज्याने लोकताक संरक्षण कायदा केला. त्यात 70.30 चौरस किलोमीटरचा भाग गाभा क्षेत्र म्हणून आखला गेला आणि तिथे झोपडी बांधणं, राहणं, आथाफुम करणं हे गुन्हे ठरले. नोव्हेंबर 2011 मध्ये याच कायद्याच्या आधारे तळ्यावरची शेकडो फुमशांगं जाळण्यात आली. 2022 मध्ये पुन्हा आथाफुम आणि तरंगती घरं हटवायची नोटीस निघाली. मच्छीमारांची संघटना तेव्हापासून आजवर भांडते आहे.

इथे आथाफुमची बाजूही प्रामाणिकपणे मांडायला हवी. ते निरुपद्रवी नाहीत. टाकलेला कोंडा आणि उपसून फेकलेल्या वनस्पती पाण्यातच कुजतात, उघडं पाणी आक्रसतं, नावेच्या वाटा बंद होतात, आणि काढणीला बारीक जाळं वापरलं तर पिल्लंही जातात. तळ्याला इतक्या आथाफुमचा भार झेपत नाही, हे मच्छीमारही मान्य करतात. पण क्रम उलटा लावून चालत नाही. फुमदी साठली ती पाणी बाहेर जायचं थांबल्यामुळे. आथाफुम वाढले ते फुमदी साठल्यावर आणि शेतं बुडाल्यावर. आथाफुम सगळे काढले तरी इथाईचे दरवाजे तसेच राहिले, तर फुमदी पुन्हा साठेल. यंत्रांनी फुमदी काढायची कंत्राटं निघाली तेव्हा हेच दिसलं: काढलेली फुमदी काठावर टाकली की पावसात तिचा रस पुन्हा तळ्यात येतो.

अभ्यासक आणि मच्छीमार गेली अनेक वर्षं मागतात ते धरण फोडणं असतंच असं नाही. कोरड्या मोसमात काही आठवडे पातळी उतरू द्यावी, उद्यानातली फुमदी गाळावर टेकेल इतपत, आणि पावसाच्या सुरुवातीला दरवाजे उघडे ठेवावेत, म्हणजे मासा वर येईल. याची किंमत आहे. वीज सगळ्यात हवी असते तेव्हाच पाणी सोडून द्यावं लागेल. 105 मेगावॉटमधली काही वीज विरुद्ध तळ्याचा एक श्वास, असा तो सौदा आहे, आणि मोजमाप करून उत्तर काढण्यासारखा आहे.

फाबौ, गाडगं आणि ङारी

आता फाबौ. ताजा खायला तो काटेरीच, पण वाळवून मुरवला की त्याची ङारी होते, आणि ङारीशिवाय मैतेई जेवण होत नाही. एरोम्बा म्हणजे उकडलेल्या भाज्या, मिरची आणि ङारी एकत्र घोटलेलं. सिंग्जू या कच्च्या कोशिंबिरीतही तीच. आपल्याकडे सुकटीचा किंवा जवळ्याचा जो वास घरभर होतो, तो इथे महिनोन् महिने मुरवलेला असतो.

ङारीत मीठ नसतं. मिठाशिवाय मासा महिने टिकतो कसा, हे समजण्यासारखं आहे. उन्हात कडक वाळवलेला फाबौ पाण्यात चटकन धुतात, भिजत ठेवत नाहीत. तो फक्त नरम व्हायला हवा. मग पाणी निथळून रात्रभर ठेवतात आणि पायाने तुडवून काटे-डोकी चेचतात. ङारी-चाफू हे जाड मातीचं गाडगं, गळ्याशी निमुळतं. त्याच्या आतल्या अंगाला मोहरीचं तेल चोळतात. नवं गाडगं असेल तर तेल पुन्हा पुन्हा, कित्येक दिवस चोळावं लागतं, कारण कोरी माती माशातली ओल शोषते आणि छिद्रांतून हवा आत सोडते. जुनं गाडगं म्हणूनच किमती. मासा थराथराने भरून दाबत जातात, अगदी ठासून, मोठ्या गाडग्यात 40 किलोपर्यंत. तोंडाशी चेचलेल्या माशाचाच लगदा आणि तेल, वर चिखल आणि शेणाचं लिंपण. मग चार ते सहा महिने सावलीत. आत हवा नसल्यामुळे सडवणारी बुरशी वाढू शकत नाही आणि आंबवणारे जिवाणू काम करतात.

बिघडलेलं गाडगं फोडल्यावर कारण लगेच कळतं. वरचा थर हिरवट-पांढरा असेल तर लिंपणाला भेग गेली होती. मधेच पोकळी आणि अळी असेल तर ठासण्यात कसूर झाली. सगळंच पातळ, घाण वासाचं झालं असेल तर मासा धुतल्यावर पुरता निथळला नव्हता. चांगली ङारी बाहेरून तपकिरी, चकचकीत असते आणि बोटाने दाबली की लोण्यासारखी बसते. लहान माशाची दुसरी आवृत्ती म्हणजे हेन्ताक: वाळवलेल्या ङासांगची पूड अळूच्या जातीच्या देठांबरोबर कुटायची, गोळे वळायचे आणि गाडग्यात दोनेक आठवडे मुरवायचे. गोळा लहान, लागतो थोडा, घरोघरी होतो.

इंफाळच्या इमा कैथेलमध्ये, जिथे सगळ्या दुकानदार बायकाच आहेत, ङारीच्या टोपल्यांसमोर गिऱ्हाईक अजूनही एक मासा मोडून वास घेऊनच भाव करतं. फक्त त्या टोपलीतला फाबौ आता बऱ्याचदा लोकताकचा नसतो. वाळवलेला मासा आसामातून आणि बांगलादेशातून पोत्यांनी येतो, मणिपूरमध्ये धुतला जातो, तुडवला जातो आणि त्याच जुन्या गाडग्यांत भरला जातो.